बोटं शाबूत, नस तुटलेली: रेशमाची वाट बघण्याआधी

पोस्ट मोठी आहे. पण भोसरी, तळवडे, चाकण भागात ज्यांच्या घरातलं कोणी मशिनवर उभं राहतं, त्यांनी वाचाच. अगदीच वेळ नसेल तर शेवटचे चार मुद्दे वाचा आणि घरी सांगा.

गेल्या पावसाळ्यात आमच्या गल्लीतला एक पोरगा संध्याकाळी घरी आला. वय तेवीस-चोवीस. मूळचा परभणीकडचा, इथे दापोडीत मावशीकडे राहतो. चाकणला ठेकेदारामार्फत पत्र्याच्या कामावर. उजव्या मनगटावर आडवा व्रण, टाके निघून गेलेले. डाव्या हाताने मोबाईल पुढे केला आणि म्हणाला, "काका, हे बघा. रेशमानं तुटलेली नस जोडतेत म्हणं. खरंय का?"

मी व्हिडिओ बघितला. परदेशातला होता. पांढरी बारीक नळी, तिच्यातून वाढत जाणारी नस, वर संगीत वगैरे.

पोरगा पुढे म्हणाला, "आमचा मामा गावाकडं रेशीम करतो. कोष जालन्याला नेतो विकायला. म्हणजे माल आपलाच. मग हे आपल्याकडं कुठं होतं ते सांगा, मी पैशाचं बघतो."

माझ्याकडे येण्याचं कारण माझा हात.

१९९८ साली भोसरीतल्या एका लहान शॉपमध्ये पत्र्याची कड माझ्या उजव्या मनगटाला लागली, करंगळीच्या बाजूने. रक्त थांबवलं, टाके घातले. "शीर कापली होती, बांधली," असं सांगितलं गेलं. मी खूश. पंधराव्या दिवशी कामावर हजर. करंगळी आणि शेजारचं अर्धं बोट बधिर होतं. विचारलं तर उत्तर आलं, सूज उतरली की येईल. सूज उतरली, बोटं काही आली नाहीत. चार महिन्यांत अंगठा आणि तर्जनीच्या मधलं मांस बसलं, तिथे खड्डा पडला. करंगळी वाकडी होऊन आत वळली. किल्ली फिरवताना, कागद चिमटीत धरताना हात दगा द्यायला लागला. एकदा तव्याला करंगळी टेकली होती, मला वासावरून कळलं.

मोठ्या डॉक्टरांकडे गेलो तेव्हा दीड वर्ष झालं होतं. ते म्हणाले, "तुमची मज्जातंतूची मुख्य नस तुटलेली आहे आणि ती कधी जोडलीच नाही. आता फार उशीर झाला." त्या दिवशी मला पहिल्यांदा समजलं की शीर वेगळी आणि ही नस वेगळी.

आपल्या बोलण्यात हा मोठा घोळ आहे. रक्त वाहून नेणारी नळी, स्नायूला हाडाशी बांधणारी दोरी म्हणजे टेंडन, आणि मेंदूचा निरोप नेणारी तार, या तिन्हींना आपण 'नस' म्हणतो. कधी 'शीर' म्हणतो. घरचे विचारतात "नस कापली का?" आणि समोरचा म्हणतो "हो, पण बांधली." कोणती नस, ते कोणी विचारत नाही आणि कोणी सांगत नाही. रक्ताची नळी कापली तर ती ओरडून सांगते, कपडे भिजतात. टेंडन कापलं तर बोट वाकत नाही, लगेच दिसतं. निरोपाची तार कापली तर फक्त बधिरपणा येतो. आणि अपघाताच्या गडबडीत, त्यात भुलीचं इंजेक्शन दिलेलं असताना, बधिरपणाकडे लक्ष देणार कोण?

त्या पोराला मी डोळे मिटायला सांगितलं आणि पेनाच्या टोपणाने एकेक बोटाला हात लावला. करंगळी कळली. अनामिकेची एक बाजू कळली, दुसरी नाही. मधलं बोट नाही, तर्जनी नाही, अंगठा नाही. पाच आठवडे झाले होते. त्याच्या कागदावर लिहिलेलं होतं: मनगटाची जखम, टाके घातले. नसेबद्दल एक अक्षर नाही. आणि ठेकेदाराचा माणूस रोज फोन करत होता, "पाचही बोटं शाबूत आहेत ना? मग ये की कामावर."

आता व्हिडिओबद्दल. त्याला मी जे सांगितलं ते इथे नीट मांडतो, कारण असे व्हिडिओ सगळ्यांच्या मोबाईलवर फिरतायत.

हातापायातली नस तुटली तर ती पुन्हा वाढू शकते. मेंदू आणि मणक्यातल्या तंतूंना हे जवळपास जमत नाही, हातापायाच्या नसांना जमतं. तुटलेल्या जागेच्या पुढचा, म्हणजे बोटांकडचा भाग आतून मरतो. ऑगस्टस वॉलर या इंग्रज शास्त्रज्ञाने १८५० मध्ये बेडकाच्या जिभेतल्या नसांवर हे दाखवून दिलं. पण तारेवरचं वेष्टण काही काळ उभं राहतं आणि वरच्या टोकातून नवे तंतू त्या वेष्टणात शिरून खाली सरकतात. वेग साधारण दिवसाला एक मिलिमीटर. मनगटापासून बोटाच्या टोकापर्यंत अठरा-वीस सेंटिमीटर धरले तर सहा-सात महिने, वर सुरुवातीचा एखादा महिना. दुसरीकडे निरोप न मिळालेला स्नायू फार दिवस वाट बघत नाही. वर्ष-दीड वर्षात तो असा वाळतो की नस पोचली तरी उपयोग नसतो. माझ्या हातातला खड्डा तोच.

हे सगळं होण्यासाठी दोन टोकं एकमेकांना भेटलेली हवीत. स्वच्छ काप असेल आणि लगेच ऑपरेशन झालं तर सर्जन दुर्बिणीखाली केसापेक्षा बारीक धाग्याने टोकाला टोक शिवतो. उशीर झाला की टोकं आखडतात, त्यांच्यावर गाठ येते, ती कापून टाकावी लागते आणि मधे अंतर पडतं. पॉवर प्रेसखाली चेंगरलेल्या हातात तर नसेचा तुकडाच निकामी होतो, तिथे अंतर पहिल्या दिवसापासूनच असतं. ओढून शिवलं तर ताणाने नस भरत नाही.

मग मधे काय घालायचं? आजची नेहमीची पद्धत म्हणजे रुग्णाच्याच पोटरीमागून एक संवेदनेची नस काढायची आणि तिचा तुकडा हातात बसवायचा. हात सुधारण्याची आशा मिळते, पण पायावर नवा व्रण येतो आणि पावलाची बाहेरची कड बधिर होते. शिवाय अशी नस किती काढणार, त्यालाही मर्यादा आहे. दुसरा मार्ग नळीचा. गाईच्या कोलॅजनपासून बनवलेल्या नळ्यांना अमेरिकेत २००१ साली मान्यता मिळाली. त्या साधारण तीन सेंटिमीटरपर्यंतच्या अंतराला वापरतात. त्यापुढे नुसती पोकळ नळी कमी पडते, आतल्या तंतूंना धरून चालायला काही नसतं.

इथे रेशीम येतं. कोषात दोन मुख्य प्रथिनं असतात. आतला धागा फायब्रोइनचा आणि त्यावरचा डिंक सेरिसिनचा. सोड्याच्या पाण्यात उकळलं की डिंक निघून जातो. उरलेलं फायब्रोइन शरीर बऱ्यापैकी सहन करतं. ऑपरेशनचे टाके घालायला रेशमाचा दोरा शंभराहून जास्त वर्षं वापरात आहेच. ते विरघळवून त्याची नळी, जाळी, स्पंज, काहीही बनवता येतं. आणि शरीरात ते सावकाश विरघळतं, नस पलीकडे पोचेपर्यंत टिकेल इतकं सावकाश.

पोराला मी घराच्या भाषेत सांगितलं. स्लॅब भरताना सेंट्रिंग लागतं. स्लॅब पकला की सेंट्रिंग काढतात. रेशमाची नळी म्हणजे नसेचं सेंट्रिंग, फक्त काढायला माणूस बोलवावा लागत नाही. त्याला लगेच समजलं, त्याने आधी एक वर्ष बांधकामावर काढलंय.

आता प्रश्न, हे कुठवर आलंय?

जर्मनीत हॅनोवरच्या वैद्यकीय विद्यापीठातल्या गटाने २०११ साली मेंढ्यांवरचे निष्कर्ष छापले. पायातल्या नसेत सहा सेंटिमीटरचं अंतर पाडून त्यात रक्तवाहिनीचं वेष्टण आणि आत कोळ्याच्या रेशमाचे धागे भरले. दहा महिन्यांनी बघितलं तर नस पलीकडे पोचली होती, मेंढीची स्वतःची नस बसवल्यावर जेवढं साधतं त्याच्या तोडीचं. त्या गटातल्या सर्जन क्रिस्टिन राडके पुढे व्हिएन्नात गेल्या आणि तिथे हे काम चालू ठेवलं. हा धागा ज्या कोळ्यांचा, त्यांचे भाऊबंद आपण पावसाळ्यात ताम्हिणीत बघतो. रस्त्याच्या कडेला मोठ्ठं जाळं आणि मधे पंजाएवढा कोळी. पोरं फोटो काढतात ना, तोच.

आपल्या देशात गुवाहाटीच्या आयआयटीतल्या गटाने २०१५ साली रेशीम आणि सोन्याचे सूक्ष्म कण यांच्या नळ्या उंदरांच्या पायातल्या नसेवर वापरून बघितल्या आणि दीड वर्ष पाठपुरावा केला. युरोपात रेशमाच्या नळीच्या लहान, सुरुवातीच्या चाचण्या माणसाच्या बोटातल्या नसेपर्यंत आल्या आहेत.

आणि पुण्याचं सांगायचं तर, दापोडीतून हॅरिस पूल ओलांडून औंधमार्गे पाषाणला जा. दहा-बारा किलोमीटर. तिथे राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा आहे, आपली एनसीएल. तिथल्या शास्त्रज्ञ डॉ. अनुया निसळ यांनी रेशमाच्या फायब्रोइनवर काम केलं आणि त्यातून सेरिजेन नावाची कंपनी उभी राहिली. त्यांचा भर हाडातली पोकळी भरणं आणि जखम भरणं यावर आहे, नसेवर नाही. पण रेशमाचा कोष आणि माणसाचं शरीर यांची गाठ घालण्याचं ज्ञान आपल्या गावात आहे, एवढं त्यावरून कळतं.

तर पोराच्या प्रश्नाचं उत्तर. माल आपलाच आहे, खरंय. जालन्याला २०१८ पासून कोषांची बाजारपेठ आहे, मराठवाड्यातले शेतकरी तिथे कोष नेतात. ज्ञान पाषाणला आहे. आणि तुटलेले हात भोसरी-चाकणला आहेत. तिन्ही गोष्टी एका दिवसाच्या प्रवासात. पण आज तू पैसे घेऊन गेलास तर इथे कोणी तुझ्या मनगटात रेशमाची नळी बसवणार नाही. कोणी बसवतो म्हणाला तर त्याच्याकडे जाऊ नकोस.

त्याचा चेहरा उतरला. मग मी त्याला दुसरी गोष्ट सांगितली, जी मला १९९८ साली कोणी सांगितली नाही. रेशमाची वाट बघत बसलास तर स्नायू वाळतील. आज, उद्या, परवा हाताच्या किंवा प्लास्टिक सर्जनला दाखव.

दुसऱ्या दिवशी मी त्याच्याबरोबर गेलो. पुण्यातल्या एका मोठ्या सरकारी दवाखान्यात. तपासण्या झाल्या, तारीख मिळाली, सातव्या आठवड्यात ऑपरेशन झालं. टोकं आखडली होती. गाठ काढल्यावर तीन सेंटिमीटरचं अंतर पडलं. पोटरीतली नस काढून बसवावी लागली. शुद्धीवर आल्यावर म्हणाला, "काका, हात कापला होता, आता पाय पण बधिर."

माझ्या डोक्यात तेव्हापासून हेच घोळतंय. रेशमाची नळी असती तर त्याचा पाय वाचला असता. पण पहिल्या दिवशी कोणी पेनाच्या टोपणाने त्याची बोटं तपासली असती तर नळीचीही गरज बहुधा पडली नसती. पत्र्याचा स्वच्छ काप होता. टोकाला टोक शिवता आलं असतं. त्याच्या हातातलं ते तीन सेंटिमीटरचं अंतर पत्र्याने पाडलेलं नव्हतं, सात आठवड्यांनी पाडलं.

म्हणून संशोधनाला पैसा मिळायलाच हवा, प्रेसखाली चेंगरलेल्या हातांना त्या पुलाशिवाय पर्याय नाही. पण टोपणाला पैसे लागत नाहीत.

आता भरपाईचं बोलू, कारण खरी मारामारी तिथे आहे.

१९४८ च्या ईएसआय कायद्यापासून चालत आलेला एक तक्ता आहे. कोणता अवयव गेला तर कमाईची क्षमता किती टक्के गेली असं धरायचं, त्याचा. अंगठा पूर्ण गेला तर ३० टक्के. तर्जनी पूर्ण गेली तर १४. मधलं बोट १२. करंगळी किंवा अनामिका ७. तक्ता तुटलेलं मोजतो. बधिर बोटाला त्यात ओळ नाही. अवयव पूर्णपणे आणि कायमचा निकामी झाला तर तो गेल्यासारखाच धरावा अशी टीप आहे, पण बधिर बोट 'पूर्ण निकामी' असतं का? वाकतं, दिसतं, फोटोत चांगलं येतं. फक्त नट हातात आहे की पडला ते त्याला कळत नाही. गेज लावताना कळत नाही. पुढचा पत्रा कापतोय हेही कळत नाही. अशा वेळी टक्के ठरवणं मेडिकल बोर्डावर येतं, आणि बोर्डापुढे पहिल्या दिवसाचा कागद ठेवावा लागतो. त्या कागदावर 'मनगटाची जखम, टाके घातले' एवढंच असेल तर तुम्ही काय सिद्ध करणार?

माझ्या कागदावर तेच होतं. मला एक टक्काही मिळाला नाही. मी कोणाला दोष देत बसलो नाही, मला तेव्हा भांडायचं कशावर हेच माहीत नव्हतं.

आमच्या दापोडीत पत्र्याशी नातं जुनं आहे. एसटीचं मध्यवर्ती वर्कशॉप इथलं, गल्लीगल्लीत पत्रा ठोकणारे, वेल्डर, प्रेस ऑपरेटर. म्हातारे लोक चहा पिताना कप कसा धरतात ते बघा. दोन बोटं बाजूला असतात. विचारलं तर सांगतात, "जुनं लागलेलं आहे, चालायचंच." त्यातल्या कितींच्या नसा तुटल्या होत्या आणि कितींच्या जोडता आल्या असत्या, हे कुठल्याही रजिस्टरमध्ये नाही. तुटलेली बोटं मोजली जातात, म्हणून निदान त्यांच्याबद्दल बोललं जातं.

तर चार मुद्दे. सेव्ह करून ठेवा.

१. मनगट, तळवा किंवा बोट कापलं तर रक्त थांबवल्यावर, भुलीचं इंजेक्शन देण्याआधी, डोळे मिटून प्रत्येक बोटाच्या दोन्ही बाजूंना हलका स्पर्श करून बघायला डॉक्टरांना सांगा. दुसऱ्या हाताशी तुलना करा. बोटं फाकवता येतात का, अंगठा करंगळीला लागतो का, तेही बघा. सुपरवायझर मंडळी, हे तुम्हालाही येतं.

२. बोट बधिर असेल तर ते केसपेपरवर लिहून घ्या. 'संवेदना नाही' हे दोन शब्द. नाही लिहिलं तर नम्रपणे पण पुन्हा सांगा. घरी शंका आली तर हात अर्धा तास कोमट पाण्यात ठेवा. पाणी किती गरम ते आधी चांगल्या हाताने बघा. नस गेलेल्या बोटाच्या टोकाला सुरकुत्या पडत नाहीत. हा पुरावा नाही, पण सर्जनकडे जायला पुरेसं कारण आहे.

३. "सूज उतरली की येईल" यावर पंधरा दिवसांपेक्षा जास्त थांबू नका. स्वच्छ काप असेल तर पहिले काही दिवस सगळ्यात मोलाचे.

४. ठेकेदाराकडे असलात तरी ईएसआयचं कार्ड तुमचं आहे आणि जबाबदारी मूळ कंपनीवरही आहे. अपघाताचा अहवाल त्याच आठवड्यात गेला का ते बघा. कामावर न जाता येणाऱ्या दिवसांचा रोजच्या सरासरी पगाराच्या ९० टक्के भत्ता मिळतो, त्यासाठी किती हप्ते भरलेत याची अट नाही. नस वाढायला महिने लागतात, तेवढे महिने हाताला विश्रांती आणि व्यायाम दोन्ही लागतात. "बोटं शाबूत आहेत, ये कामावर" याला हे उत्तर आहे.

आणि आपल्या नगरसेवकांना, आमदारांना, युनियनच्या लोकांना एक विनंती. पुढच्या वेळी कामगार सुरक्षेच्या बैठकीत तुटलेल्या बोटांबरोबर बधिर बोटांचाही रकाना मागा. एवढा मोठा औद्योगिक पट्टा आणि हाताच्या नसा दुर्बिणीखाली शिवणारा सर्जन रात्री अकरा वाजता कुठे मिळतो, हे विचारा. दुसरी पाळी तेव्हाच सुटते.

पोराला ऑपरेशन होऊन पाच महिने झाले. दर रविवारी येतो. व्रणापासून पुढे बोटाने टिचक्या मारत जायचं, जिथे झिणझिण्या येतात तिथवर नस पोचली असं डॉक्टरांनी शिकवलंय. आम्ही तिथे पेनाने खूण करतो आणि तारीख वहीत लिहितो. काल खूण तर्जनीच्या मुळाशी होती. अंगठ्याच्या टोकाला अजून काही नाही.

मामाने गावाहून मूठभर कोष पाठवलेत माझ्यासाठी. टेबलावर ठेवलेत. पोरगा डोळे मिटून त्या बोटांनी ते चाचपत बसतो. अजून कळत नाही म्हणतो. फेब्रुवारीत परत बघू.